सापडलेल्या रिळांतून सिनेमा: बिल मॉरिसनविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

गेली काही वर्षं आम्ही चार-पाच जण मिळून पंचवीस-तीस प्रेक्षकांपुढे बिल मॉरिसनचे सिनेमे दाखवतो. दर खेळानंतर प्रश्न येतात. काही तिथेच विचारले जातात, काही दुसऱ्या दिवशी फोनवर येतात, काही तर सहा महिन्यांनी, घरातला माळा आवरताना. तेच तेच प्रश्न पुन्हा येऊ लागले म्हणून ते इथे एकत्र केले आहेत. एकाच गोष्टीचं उत्तर दोनदा द्यावं लागू नये यासाठी जिथे गरज आहे तिथे दुसऱ्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. हा बिल मॉरिसन कोण? स्वतः काही शूट न करता माणूस सिनेमा कसा करतो?

मॉरिसनचा जन्म 1965 चा, शिकागोचा. न्यूयॉर्कच्या कूपर युनियनमध्ये तो चित्रकला शिकला आणि तिथेच अॅनिमेशनकडे वळला. अॅनिमेशन करणाऱ्याला एकेक फ्रेम सुटी करून बघायची सवय लागते, आणि पुढच्या त्याच्या सगळ्या कामाचं मूळ मला या सवयीत दिसतं. 1990 च्या दशकात तो रिज थिएटर या नाट्यसंस्थेसाठी रंगमंचावर प्रक्षेपित करायच्या फिल्म बनवत होता. त्यासाठी जुनी रिळं चाळता चाळता तो त्यांच्यातच रमला.

काम कसं करतो, तर अभिलेखागारांत जाऊन जुनं चित्रण बघतो, निवडतो, त्याची प्रत करून घेतो, त्याचा वेग बदलतो, क्रम लावतो आणि संगीतासोबत बांधतो. संकलन हेच त्याचं दिग्दर्शन. कॅमेरा तो अजिबात हातात घेत नाही असं मात्र नाही. इंग्लंडमधल्या डरहॅमच्या कोळसा खाणकामगारांवर केलेल्या 'द मायनर्स हिम्स'मध्ये (2011) बहुतेक सगळं जुनं कृष्णधवल चित्रण आहे. पण जिथे खाणी होत्या तिथे आज काय उभं आहे, हे त्यानं हेलिकॉप्टरमधून रंगीत चित्रित करून त्यात घातलं आहे. खाणीचा मागमूसही उरलेला नाही हे तेवढ्या थोड्या दृश्यांत कळतं.

२. 'फाउंड फुटेज' म्हणजे हलत्या कॅमेऱ्यानं शूट केलेले ते भुताचे सिनेमे ना?

नाही. त्या भयपटांत 'हे चित्रण कुणाला तरी सापडलं' असा बनाव असतो, चित्रण नवंच असतं. आपण इथे बोलतोय ते खरोखर सापडलेल्या, दुसऱ्या कुणी दुसऱ्या कारणासाठी चित्रित केलेल्या फिल्मबद्दल.

३. माहितीपटातही जुनं फुटेज असतंच की. मग यात वेगळं काय?

नेहमीच्या माहितीपटात निवेदक बोलत असतो आणि जुनं चित्रण त्याच्या बोलण्याला पुरावा म्हणून येतं. 'त्या काळी मुंबईत ट्राम होती' असं वाक्य, पाठोपाठ ट्राम. इथे उलट होतं. चित्रणच बोलतं आणि बघणाऱ्याला त्याच्याकडे नीट पाहावं लागतं.

ही वाट मॉरिसननं पाडलेली नाही. रशियात एस्फिर शुब या संकलक बाईंनी 1927 मध्ये झारच्या काळातलं बातम्यांचं आणि घरगुती चित्रण जोडून त्या राजवटीच्या अंतावर अख्खा सिनेमा उभा केला. चित्रण तेच, पण मांडणीमुळे अर्थ पालटला. अमेरिकेत जोसेफ कॉर्नेलनं 1936 मध्ये 1931 च्या एका हॉलिवूडपटातले नायिकेचे तुकडे तेवढे उचलून जोडले आणि ते निळ्या काचेतून दाखवले. ब्रूस कॉनरनं 1958 मध्ये बारा मिनिटांत पाठलाग, अपघात, स्फोट यांची अशी काही साखळी लावली की बघणाऱ्याला आधी हसू येतं आणि मग ते हसू घशात अडकतं.

मॉरिसननं या परंपरेत जी भर घातली ती म्हणजे फिल्म नावाच्या वस्तूची. ती पट्टी, तिची झीज, तिचा प्रवास. रिळात काय दिसतं याच्याइतकंच ते रीळ कुठून कसं आलं, हेही त्याच्या सिनेमाचा विषय असतं.

४. सुरुवात कुठल्या सिनेमापासून करू?

'लाइट इज कॉलिंग'पासून (2004). आठ मिनिटांचा आहे. 1926 च्या एका मूकपटाच्या सडलेल्या प्रतीतले तुकडे आणि मायकेल गॉर्डनचं संगीत, एवढंच. आवडला तर 'डॉसन सिटी: फ्रोझन टाइम' (2016) बघा, त्यात गोष्ट आहे आणि ती जबरदस्त आहे. 'डेकेशिया' (2002) त्यानंतर, आणि शक्यतो मोबाइलवर नको. अंधारी खोली, जमेल तेवढा मोठा पडदा आणि दणदणीत आवाज हवा. कमी आवाजात लावलेला 'डेकेशिया' बघून कंटाळा आला असं सांगणारे बरेच भेटले. त्यांच्याशी मी वाद घालत नाही, पुढच्या खेळाला बोलावतो.

५. 'डेकेशिया' पाहिला. गोष्टच कळली नाही. माझं काही चुकलं का?

काही चुकलं नाही, गोष्ट नाहीच. सुरुवातीला एक सूफी दर्वेश गिरक्या घेताना दिसतो, मग तासाभराहून थोडा जास्त वेळ एकामागून एक माणसं येतात, आणि प्रत्येक चित्रावर सडण्याच्या खुणा असतात. चेहरे वितळतात, पडद्यावर फोड उठतात, आकृती नाहीशी होते आणि पुन्हा उगवते.

यातलं एक दृश्य विसरता येत नाही. एक मुष्टियोद्धा ठोसे मारतोय. तो ज्याच्यावर ठोसे मारतोय ती वस्तू सडून गेली आहे, तिच्या जागी चित्राच्या अर्ध्या भागात एक खदखदणारा स्तंभ उरलाय. मूळ चित्रणात तो साधा सराव करत होता. आता तो ज्या फिल्मवर उमटलाय तिच्याच नाशाशी लढताना दिसतो. हा अर्थ मूळ कॅमेरामनच्या मनात नव्हता आणि सडण्याला मन नसतं. शेकडो रिळं बघताना या तुकड्यापाशी थांबणं हे मॉरिसनचं काम.

2013 मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत, म्हणजे जपायलाच हव्यात अशा सिनेमांच्या यादीत, 'डेकेशिया'ची निवड झाली. एकविसाव्या शतकातला त्या यादीत गेलेला हा पहिला सिनेमा.

६. ते डाग, ते फोड त्यानं केमिकल टाकून मुद्दाम केले आहेत का?

नाहीत. हा प्रश्न आम्हाला सर्वांत जास्त वेळा आलाय. फिल्मवर आम्ल टाकणारे, ती पुरून ठेवणारे कलावंत जगात आहेत; मॉरिसन त्यांतला नाही. त्याच्या सिनेमातली झीज काळानं केलेली आहे.

ती कशी होते ते थोडक्यात सांगतो. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटापासून 1950 च्या आसपासपर्यंत थिएटरमध्ये दाखवायची 35 मिलिमीटर फिल्म सेल्युलोज नायट्रेटची असायची. कापसासारख्या वनस्पतिज तंतूंवर नायट्रिक आम्लाची प्रक्रिया करून ते बनतं आणि त्याला लवचीक ठेवण्यासाठी त्यात कापूर घालतात. होय, आपला कापूरच. हे रसायन स्थिर नाही. हळूहळू त्यातून नायट्रोजनच्या ऑक्साइडचे वायू सुटतात, हवेतल्या ओलाव्याशी मिळून त्यांचं आम्ल होतं आणि ते आम्ल त्याच फिल्मला खात सुटतं. आधी चित्र पिवळट-तपकिरी होऊन फिकटतं, मग पृष्ठभाग चिकट होतो, मग फोड आणि मधासारखा पाझर, मग रिळाचा एकसंध गोळा, आणि शेवटी तपकिरी भुकटी. रीळ गुंडाळलेलं असल्यामुळे सडणं एका वेढ्यातून शेजारच्या वेढ्यात पाझरतं. म्हणून पडद्यावर तेच डाग ठरावीक अंतरानं पुन्हा पुन्हा येतात, नाडीच्या ठोक्यासारखे. 'डेकेशिया'त जाणवणारी लय ही मुळात रिळाच्या गोलाईची लय आहे.

मॉरिसन करतो ते एवढंच, की हे सडलेलं रीळ भुकटी होण्याआधी सुरक्षित फिल्मवर त्याची प्रत काढून घेतो आणि एकेक फ्रेम दोन-तीनदा छापून वेग कमी करतो, म्हणजे डोळ्याला डाग नीट दिसावेत. मूळ वेगात ते नुसते लुकलुकून गेले असते.

७. नायट्रेट एवढं धोक्याचं होतं, तर इतकी वर्षं वापरलं कशाला?

कारण चित्र फार सुंदर यायचं आणि पट्टी दणकट होती. धोका मात्र खराच. नायट्रेट पेटलं की जळायला लागणारा ऑक्सिजन ते स्वतःच पुरवतं, त्यामुळे पाण्याखालीही जळत राहतं. सडू लागलेलं, कोंदट डब्यात दाबून ठेवलेलं रीळ 41 अंश सेल्सिअसच्या आसपास बराच काळ राहिलं तर ठिणगीशिवायही पेट घेऊ शकतं. चंद्रपूर-नागपूरच्या मे महिन्यात पत्र्याखालच्या खोलीत काय तापमान असतं ते तिथल्या वाचकांना सांगायला नको. कोडॅकनं 1951 मध्ये नायट्रेटचं उत्पादन थांबवलं. घरात जुनी फिल्म असेल तर घाबरण्याआधी प्र. १६ वाचा.

८. डॉसन सिटीची रिळं खरंच बर्फाखाली सापडली, की सिनेमासाठी रचलेली गोष्ट आहे?

खरंच सापडली. 1978 चा उन्हाळा. कॅनडाच्या वायव्य टोकाला युकॉन नदीकाठी डॉसन सिटी नावाचं गाव. नव्या करमणूक केंद्राच्या बांधकामासाठी खोदकाम चालू असताना यंत्राच्या फावड्याला मातीतून फिल्मची रिळं लागली. एक-दोन नव्हे, 533.

ती तिथे कशी गेली? 1896 मध्ये जवळच्या ओढ्यात सोनं सापडलं आणि दोन वर्षांत या ओसाड जागी हजारो माणसं लोटली. सोनं ओसरलं तशी माणसंही ओसरली, पण सिनेमागृहं राहिली. डॉसन हे चित्रपट वितरणाच्या वाटेवरचं शेवटचं ठिकाण. सिनेमे तिथे पोचेपर्यंत दोन-तीन वर्षं उलटलेली असायची, आणि इतक्या दूरवरून परत मागवण्याचा खर्च वितरकांना परवडत नव्हता. मग रिळं गावातल्या ग्रंथालयाच्या तळघरात साठत गेली. सांभाळायची जबाबदारी गावातल्या बँकेवर. जागा संपली तेव्हा बरीचशी नदीत टाकली, काही जाळली. 1929 मध्ये उरलेल्या काही रिळांचं काय करायचं हा प्रश्न आला. गावात एक पोहण्याचा तलाव होता, हिवाळ्यात त्यावरच बर्फाचं मैदान करून हॉकी खेळत, पण मधोमध बर्फ नीट धरत नव्हता. तलाव रिळांनी भरला, वर माती टाकली आणि मैदान सपाट केलं. पुढे कित्येक वर्षं बर्फातून फिल्मचे तुकडे वर यायचे आणि गावातली पोरं ते पेटवून मजा बघायची.

गोठलेल्या जमिनीनं ती रिळं पन्नास वर्षं जपली. ज्यांना किंमत होती, ज्यांच्या प्रती शहरांतल्या गोदामांत नीट ठेवल्या होत्या, त्या सिनेमांपैकी असंख्य जळाले किंवा सडले; आणि भराव म्हणून टाकलेले हे वाचले. बहुतेक 1910 च्या दशकातले मूकपट आणि बातमीपट, ज्यांची दुसरी प्रत जगात कुठेच नव्हती. नायट्रेट म्हणून साध्या मालवाहतुकीनं ती हलवता येईना, तेव्हा कॅनडाच्या लष्करी विमानानं ओटावाला नेली. अमेरिकन सिनेमे अमेरिकेच्या काँग्रेसच्या, म्हणजे संसदेच्या, ग्रंथालयाकडे गेले. खेळाडूंनी पैसे घेऊन सामने हरल्याच्या आरोपानं बदनाम झालेल्या 1919 च्या बेसबॉल मालिकेचं चित्रणही त्यांतच निघालं.

मॉरिसननं दोन तासांच्या सिनेमात ही सगळी कहाणी सांगितली आहे आणि मुख्यतः त्याच रिळांतले तुकडे वापरून सांगितली आहे. कुणी पत्र उघडलं असं लिहून आलं की पडद्यावर वेगवेगळ्या मूकपटांतली माणसं पत्र उघडताना दिसतात. निवेदक नाही, मजकूर आणि अॅलेक्स सोमर्सचं संगीत.

हा सिनेमा दाखवला की आमच्याकडे जत्रांतल्या तंबू सिनेमाची आठवण निघतेच, आणि ती अगदी योग्य ठिकाणी निघते. मुंबई-पुण्यात चालून, तालुक्यात झिजून शेवटी जत्रेत पोचलेली प्रिंट, पडद्यावर चरे पडलेले, 'पाऊस पडतोय' असं आपण म्हणायचो. तंबू म्हणजे आपलं डॉसन. तिथून पुढे ती प्रिंट कुठे गेली हे कुणी विचारलं नाही.

९. 'डॉसन सिटी'त चित्राच्या मध्ये सगळं ठीक असतं आणि कडांना पांढऱ्या ज्वाळा नाचतात. 'डेकेशिया'तले डाग असे नव्हते. का?

छान निरीक्षण. 'डेकेशिया'त नायट्रेट आतून सडलंय (प्र. ६). डॉसनची रिळं गारठ्यामुळे सडण्यापासून बरीच वाचली, पण वितळलेलं पाणी वेढ्यांच्या कडांतून आत शिरलं आणि चित्र धरून ठेवणारा जिलेटिनचा थर तिथे धुऊन गेला. म्हणून इजा दोन्ही कडांना आहे. या थरथरीला जाणकार 'डॉसन फ्लटर' म्हणतात. सवय झाली की नुसत्या कडा बघूनही तुकडा डॉसनचा आहे हे ओळखता येतं.

१०. संगीत आधी होतं की चित्र?

प्रत्येक वेळी वेगळं. 'डेकेशिया'चा जन्मच वाद्यवृंदाच्या कार्यक्रमातून झाला. स्वित्झर्लंडच्या बाझेल सिन्फोनिएटासाठी मायकेल गॉर्डननं ही सिम्फनी लिहिली, 2001 मध्ये तिचं पहिलं सादरीकरण झालं, आणि सिनेमासोबत आज ऐकू येतं ते त्याच वाद्यवृंदाचं वादन. गॉर्डननं त्यात मुद्दाम बेसूर केलेले पियानो आणि मोटारीचे ब्रेक ड्रमही वाजवायला घेतले आहेत. झिजलेल्या चित्राला झिजलेला सूर.

'द मायनर्स हिम्स'ला योहान योहानसन या आइसलँडच्या संगीतकाराचं पितळी वाद्यांचं संगीत आहे, कारण डरहॅमच्या खाणगावांत ब्रास बँडची परंपरा होती. त्याचं पहिलं सादरीकरण 2010 मध्ये डरहॅमच्या कॅथीड्रलमध्येच झालं. 'द ग्रेट फ्लड'मध्ये 1927 चा मिसिसिपीचा पूर आहे आणि बिल फ्रिझेलची गिटार. त्या पुरानं घरदार गेलेली अनेक कृष्णवर्णीय कुटुंबं उत्तरेकडे गेली आणि त्यांच्यासोबत त्यांचं ब्लूज हे संगीतही गेलं, म्हणून ती गिटार तिथे शोभेची नाही.

११. त्याला ही रिळं मिळतात कशी?

नशिबानं थोडी, चिकाटीनं जास्त. वॉशिंग्टनच्या काँग्रेस ग्रंथालयासारख्या संस्थांमधल्या अभिलेखपालांशी त्याचे वर्षानुवर्षांचे संबंध आहेत. इतर लोक चांगली प्रत मागतात, हा खराब झालेली मागतो.

त्याचा 1996 चा 'द फिल्म ऑफ हर' हा छोटा सिनेमा याच ग्रंथालयातल्या एका शोधावर आहे. 1912 पर्यंत अमेरिकन कायद्यात चलच्चित्राला हक्कसंरक्षणच नव्हतं, छायाचित्राला होतं. म्हणून निर्माते अख्खी फिल्म लांबच लांब कागदी पट्टीवर फोटो म्हणून छापून जमा करत. मूळ नायट्रेट नष्ट झाली, कागद टिकला, आणि पुढे त्या कागदांवरून तीन हजारांहून अधिक फिल्म पुन्हा जिवंत करण्यात आल्या.

कधी मात्र समुद्रच आणून देतो. 2016 मध्ये आइसलँडजवळ एका मासेमारी बोटीच्या जाळ्यात चार रिळं आली. योहानसननं मॉरिसनला त्याची खबर दिली. शोध घेतल्यावर कळलं, की तो 1969 चा एक लोकप्रिय सोव्हिएत सिनेमा आहे आणि रशियात त्याच्या चांगल्या प्रती आहेत, म्हणजे दुर्मीळ काहीच नाही. तरीही मॉरिसननं त्यावर 'द व्हिलेज डिटेक्टिव्ह' (2021) केला, त्यातल्या मिखाइल झारोव या नटाच्या साऱ्या कारकिर्दीला कवेत घेऊन. अमोल ठेवा निघाला तरच सिनेमा होतो असं नाही, हे मला या सिनेमानं शिकवलं.

१२. आता तर जुनी फिल्म स्वच्छ करून, रंग भरून, कृत्रिम बुद्धिमत्तेनं झकास करता येते. मग हे डाग कशाला मिरवायचे?

आधी एक गैरसमज दूर करतो. मॉरिसन जीर्णोद्धाराच्या विरोधात नाही. फिल्म वाचवणाऱ्या माणसांच्या जिवावरच त्याचं काम चालतं. मूळ निगेटिव्हवरून, कागदपत्रं तपासून, जे होतं तेच परत आणणं हे थोर काम आहे.

रंग भरणं आणि मधल्या फ्रेम यंत्राकडून घडवून घेणं वेगळं. यंत्र चेहऱ्याचा जो भाग फिल्मवर नाहीच तो अंदाजानं भरतं, आणि बघणाऱ्याला अंदाज कुठे संपला आणि माणूस कुठे सुरू झाला हे कळायला मार्ग राहत नाही. शंभर वर्षांपूर्वीच्या फेरीवाल्याच्या पागोट्याला यंत्रानं दिलेला लाल रंग पुढच्या पिढीच्या डोक्यात पुरावा म्हणून बसतो. डाग निदान प्रामाणिक असतो. इथलं माहीत नाही, असं तो स्पष्ट सांगतो. गंमत म्हणून घरच्या फोटोला रंग भरा, हरकत नाही. मूळ फाइल मात्र हात न लावता जपा आणि रंगवलेल्या प्रतीवर तसं लिहा.

१३. दुसऱ्यानं केलेलं चित्रण वापरायचं म्हणजे चोरीच ना? कायदा काय म्हणतो?

अमेरिकेत प्रकाशित झालेल्या जुन्या चित्रपटांचं संरक्षण जास्तीत जास्त 95 वर्षांनी संपतं. मॉरिसन वापरतो त्यातले बरेच मूकपट त्यामुळे मोकळे आहेत. तरीही अभिलेखागाराकडून प्रत घेताना शुल्क आणि करार असतोच, आणि सिनेमाच्या शेवटी कुठलं चित्रण कुठून आलं हे तो सांगतो. नाव देणं हा माझ्या दृष्टीनं चोरी आणि कला यांच्यातला पहिला उंबरठा आहे, कायदा त्यानंतर.

भारतात 1957 च्या कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटाचं संरक्षण प्रदर्शनाच्या पुढच्या कॅलेंडर वर्षापासून 60 वर्षं. म्हणजे 1964 मध्ये आलेला सिनेमा 1 जानेवारी 2025 ला मोकळा झाला. इथे एक मोठी खोच आहे: सिनेमा मोकळा झाला तरी त्यातलं गाणं मोकळं होईलच असं नाही. गीतकार आणि संगीतकार यांचा हक्क त्यांच्या मृत्यूनंतर 60 वर्षांपर्यंत चालतो. आपल्या सिनेमात गाणं नाही असा प्रसंग दुर्मीळ, तेव्हा दृश्य वापरताना ध्वनी वेगळा तपासा. समीक्षेसाठी छोटा उतारा वापरायची मुभा कायद्यात आहे, पण स्वतःची कलाकृती करणं म्हणजे समीक्षा असा दावा करण्याआधी वकिलाला विचारा. 'इंटरनेटवर होतं' हे कुठल्याही कायद्यात उत्तर नाही.

१४. 2023 चा 'इन्सिडन्ट' पोलिसांच्या कॅमेऱ्यावर आहे. हे जुनं फुटेज कसं?

जुनं नाही, पण सापडलेलं नक्कीच, आणि सहजासहजी न दिलेलं. 14 जुलै 2018 ला शिकागोत हॅरिथ ऑगस्टस या न्हाव्याचा पोलिसांच्या गोळीनं मृत्यू झाला. पोलिसांनी दुसऱ्या दिवशी एक छोटा, आवाज नसलेला तुकडा जाहीर केला. पूर्ण चित्रण बाहेर यायला शोधपत्रकारांना झगडावं लागलं. मॉरिसननं पोलिसांच्या अंगावरचे कॅमेरे, रस्त्यावरचे पाळत-कॅमेरे असे सगळे कोन एकाच पडद्याच्या चौकटींत, एकाच घड्याळावर मांडले. तीस मिनिटं. निवेदन नाही. गोळी झाडून काही क्षणच झालेत आणि घडलं त्याची सोयीची गोष्ट पोलिसांच्या तोंडून आकार घेऊ लागते, हे आपण आपल्या कानांनी ऐकतो. 2025 च्या ऑस्करसाठी लघु माहितीपट विभागात त्याला नामांकन होतं.

वीस वर्षं सडलेली फिल्म बघणारा माणूस इथे कसा पोचला, असं लोक विचारतात. मला तो एकाच वाटेवर दिसतो. कुणाचंही लक्ष नसताना यंत्रानं काय टिपलं, आणि ते कुणी कुठे ठेवून दिलं.

१५. त्या जुन्या चित्रणातल्या माणसांची परवानगी कुणी घेतली होती? विशेषतः साहेबानं टिपलेल्या गुलाम देशांतल्या माणसांची?

कुणीच नाही. याचं समाधानकारक उत्तर माझ्याकडेही नाही, पण काम करताना पाळायच्या दोन गोष्टी मी विद्यार्थ्यांना सांगतो. एक, कॅमेरा कुणाच्या हातात होता हे आधी शोधा. दुष्काळातल्या माणसांना रांगेत उभं करून काढलेलं चित्र त्या माणसांचं नसतं, उभं करणाऱ्याचं असतं. दोन, चित्रातला माणूस कॅमेऱ्याकडे बघत असेल तर तो क्षण कापू नका. वेग कमी केला तर त्या नजरेत संकोच, राग, कुतूहल जे असेल ते वर येतं. तेवढी दाद तरी त्याला मिळाली पाहिजे. मृत्यूचं दृश्य असेल तर घरच्यांचा विचार कायद्याच्या आधी करावा. 'इन्सिडन्ट' दाखवताना आम्ही सुरुवातीला तसं सांगतो आणि बाहेर जायची वाट मोकळी ठेवतो.

१६. माळ्यावर आजोबांच्या फिल्मचे डबे आहेत. पेट घेतील का? टाकून देऊ का?

टाकू नका. आधी रुंदी बघा. 8 किंवा 16 मिलिमीटरची फिल्म असेल तर निश्चिंत राहा, ती घरगुती वापराची म्हणून सुरुवातीपासूनच न पेटणाऱ्या 'सेफ्टी' पट्टीवर बनायची. 35 मिलिमीटरची, म्हणजे जवळपास दीड इंच रुंद आणि 1950 च्या आसपासची किंवा त्याआधीची असेल, तर ती नायट्रेट असू शकते. अशी फिल्म घराबाहेर सावलीत, गार जागी, उष्णतेपासून दूर ठेवा. कुरिअरनं पाठवू नका. पेटवून तपासू तर नकाच. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाशी किंवा मुंबईच्या फिल्म हेरिटेज फाउंडेशनशी बोला.

सेफ्टी फिल्मला वेगळा आजार होतो. डबा उघडल्यावर व्हिनेगरचा वास आला तर तिची अॅसिटेट नावाच्या प्लास्टिकची पट्टी विघटत आहे. तो डबा बाकीच्यांपासून लगेच वेगळा करा, कारण आम्लाची वाफ शेजारच्या रिळांनाही लागते. हवाबंद पिशवीत कोंडू नका. जुन्या प्रोजेक्टरवर चालवून बघायचा मोह आवरा. आकसलेल्या फिल्मची भोकं दात्यांवर फाटतात. आणि डब्यावरची चिठ्ठी, मागच्या बाजूचा पत्ता, वेष्टनातली पावती, सगळ्याचे फोटो काढा. चित्रणाचं मूळ बहुतेक वेळा तिथेच लिहिलेलं असतं.

स्कॅन झाल्यावर मूळ रीळ फेकणारे फार आहेत. दहा वर्षांनी हार्ड डिस्क उघडली नाही तर परत जायला रीळच हवं.

१७. आपल्याकडे असं काम कुणी केलंय का? आपली जुनी रिळं आहेत तरी कुठे?

केलंय. बेंगळुरूच्या आयेशा अब्राहम यांनी हौशी माणसांच्या 8 मिलिमीटर चित्रणातून फिल्म केल्या आहेत. मूळच्या मुंबईच्या, पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेल्या पायल कपाडिया यांच्या 2021 च्या माहितीपटात इतरांचं जुनं घरगुती चित्रण नव्या चित्रणात विरघळून गेलं आहे. कान महोत्सवात त्याला सर्वोत्तम माहितीपटाचा पुरस्कार मिळाला.

रिळांची कहाणी मात्र दुखरी आहे. सावेदादा, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, यांनी 1899 मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये कुस्ती चित्रित केली. ते चित्रण आज नाही. 'राजा हरिश्चंद्र'च्या (1913) चार रिळांपैकी पहिलं आणि शेवटचं एवढंच उरलं, आणि तेही 1913 चं की फाळक्यांनी 1917 मध्ये पुन्हा केलेल्या आवृत्तीचं, यावर अभ्यासकांत वाद आहे. पहिला बोलपट 'आलम आरा' (1931) पूर्ण हरवला. भारतात तेराशेच्या आसपास मूकपट बनले, त्यातले तीसही हाती नाहीत. बरीच रिळं चांदी काढण्यासाठी विकली गेली, कारण चित्र चांदीच्या कणांचं असतं आणि चालून संपलेल्या सिनेमापेक्षा तिला भाव होता. 2003 च्या जानेवारीत पुण्यात नायट्रेटच्या साठ्याला आग लागली आणि जे जमवलं होतं त्यातलंही मोठं भांडार गेलं.

जे उरलं त्याचं मोठं श्रेय 1964 मध्ये पुण्यात सुरू झालेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला आणि ते उभं करणाऱ्या पी. के. नायर यांना. दुसरीकडे, 1948 पासून फिल्म्स डिव्हिजननं काढलेले बातमीपट आहेत, जे एकेकाळी प्रत्येक सिनेमाआधी दाखवले जायचे आणि ते संपेपर्यंत आपण बाहेर वडा खात थांबायचो. धरणं, पूर, मंत्र्यांचे दौरे, आणि त्या दौऱ्यांत कडेला उभी असलेली हजारो माणसं. माझ्या मते आपल्या मॉरिसनचा कच्चा माल तिथे आहे.

१८. माझ्याकडे फिल्म नाही, लग्नाच्या व्हीएचएस कॅसेट आहेत. त्या चालतील का?

चालतील, आणि घाई करा. फिल्म उजेडाकडे धरली तर डोळ्यांना दिसते. टेपला यंत्र लागतं, आणि व्हीसीआर बनवणं जगात 2016 मध्ये थांबलं. कोकणात आणि घाटावरच्या पावसात टेपवर बुरशी धरते. कॅसेटच्या खिडकीतून पांढरी पूड दिसली तर ती चालू यंत्रात घालू नका, बुरशी यंत्रातून पुढच्या कॅसेटला लागते. आधी जाणकाराकडून साफ करून घ्या.

डिजिटल प्रत काढणाऱ्या दुकानदाराला एक गोष्ट बजावून सांगा: काहीही कापायचं नाही. दुकानात सुरुवातीचा आणि शेवटचा भाग 'फालतू' म्हणून उडवतात. कॅमेरामननं बटण बंद करायचं विसरल्यामुळे आलेली मांडवामागची दहा मिनिटं, पंगतीत वाढणाऱ्या बायकांचं बोलणं, जनरेटर बंद पडल्यावरचा अंधार आणि त्यात कुणीतरी मारलेली हाक, हे सगळं त्याच भागात असतं. आणि कॅसेटमध्ये दिसणाऱ्या माणसांची नावं सांगू शकणारं कुणी घरात अजून असेल, तर त्यांना शेजारी बसवून, मोबाइलवर त्यांचा आवाज मुद्रित करत एकदा पूर्ण कॅसेट बघा.